वर्गणी किती ठेवावी?

सहलीचे ठिकाण ठरवायला वर्गाला दहा मिनिटे पुरतात. वर्गणी ठरवताना मात्र गाडे अडते. बेरीज-भागाकाराचे काम, त्यात अवघड ते काय, असे वाटते. तरीही पुष्कळ सहलींचा हिशेब शेवटी जमत नाही. कधी शिक्षकांना खिशात हात घालावा लागतो, तर कधी आयत्या वेळी ‘प्रत्येकी शंभर रुपये आणखी आणा’ असा निरोप घरोघरी जातो. असे का होते ते आज आपण पाहू. ह्यासाठी लागणारे बीजगणित तुम्ही शाळेत शिकलेला आहात. त्याच्याकडे फक्त वेगळ्या नजरेने पाहायचे आहे.

उदाहरणासाठी पुण्याच्या पूर्वेची मांजरी घेऊ. तेथील एका शाळेने नववीच्या विद्यार्थ्यांना जुन्नर तालुक्यातील खोडद येथे न्यायचे ठरवले आहे, असे समजा. नारायणगावजवळच्या ह्या गावी ‘महाकाय मीटर-तरंग रेडिओ दुर्बीण’ आहे. 45 मीटर व्यासाच्या ३० तबकड्या आकाशातून येणाऱ्या रेडिओ लहरी टिपतात. त्यांपैकी १४ मध्यभागी जवळजवळ आहेत आणि उरलेल्या १६ इंग्रजी ‘वाय’ अक्षराच्या आकाराच्या तीन भुजांवर दूरवर पसरलेल्या आहेत. २८ फेब्रुवारीच्या राष्ट्रीय विज्ञान दिनाच्या सुमारास येथे विज्ञान प्रदर्शन भरवण्याची प्रथा आहे. मांजरीहून जाऊन-येऊन सुमारे २०० किलोमीटरचा प्रवास, म्हणजे सकाळी लवकर निघून रात्री परतण्याजोगी सहल झाली.

आता खर्चाचे आकडे मांडू. हे आकडे गणितापुरते घेतलेले आहेत. तुमच्या गावचे दर विचारून ते बदलून घ्या, रीत तीच राहील.

५० आसनांच्या बसचे दिवसाचे भाडे १४,००० रुपये. पथकर, वाहनतळ आणि चालकाचा भत्ता मिळून १,००० रुपये. प्रथमोपचार पेटी आणि किरकोळ खर्च ३०० रुपये. प्रत्येकाचा नाष्टा ४० रुपये, जेवण १०० रुपये, ओळखपत्र वगैरे १० रुपये. सोबत दोन शिक्षक जाणार आहेत. त्यांच्याकडून वर्गणी घ्यायची नाही, असा शाळेचा नियम आहे.

ह्या यादीवर एकदा सावकाश नजर फिरवा आणि प्रत्येक खर्चाला एकच प्रश्न विचारा: ‘एक विद्यार्थी वाढला, तर तू वाढशील का?’ नाष्टा आणि जेवण ‘हो’ म्हणतील. बस ‘नाही’ म्हणेल, कारण तिच्यात वीस जण बसले काय आणि अठ्ठेचाळीस बसले काय, भाडे तेच. पथकर आणि चालकाचा भत्ताही ‘नाही’ म्हणतील. ‘हो’ म्हणणारे खर्च ते माणशी खर्च आणि ‘नाही’ म्हणणारे ते स्थिर खर्च.

शिक्षकांच्या जेवणाचे काय? येथे बहुतेक विद्यार्थी फसतात. जेवण माणशी असल्यामुळे ते दुसऱ्या खात्यात घालावेसे वाटते. पण आपला प्रश्न काय होता? ‘एक विद्यार्थी वाढला, तर तू वाढशील का?’ दोन शिक्षकांचे १५० × २ = ३०० रुपये विद्यार्थी कितीही असले तरी तितकेच राहतात. म्हणून ते स्थिर खर्चात जातात. खर्च कशाचा आहे ह्यावर त्याची जात ठरत नाही, तो कशाबरोबर बदलतो ह्यावर ठरते.

तेव्हा स्थिर खर्च झाला १४,००० + १,००० + ३०० + ३०० = १५,६०० रुपये आणि दर विद्यार्थ्यामागे १५० रुपये. विद्यार्थ्यांची संख्या ‘न’ मानली तर

एकूण खर्च = १५,६०० + १५० न

शिक्षकांच्या दोन जागा सोडून बसमध्ये ४८ विद्यार्थी बसतात. ४८ जण आले तर खर्च १५,६०० + ७,२०० = २२,८०० रुपये, म्हणजे प्रत्येकी ४७५ रुपये.

आता वर्गात विचारून पाहण्याजोगा प्रश्न असा: ‘४८ विद्यार्थ्यांना २२,८०० रुपये लागतात, तर २४ विद्यार्थ्यांना किती?’ निम्मे विद्यार्थी, म्हणून निम्मा खर्च, ११,४०० रुपये, असे उत्तर चटकन येईल. हे त्रैराशिक. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त, म्हणजे इ. स. ११५० च्या सुमारास, त्रैराशिक आहे, व्यस्त त्रैराशिक आहे आणि त्यांच्यापुढची पंचराशिकासारखी गणितेही आहेत. बाजारात, सोनाराकडे, दाणेवाल्याकडे ती रीत शतकानुशतके बिनचूक चालत आली. पण आपल्या सहलीला ती लावली तर २४ मुले आणि दोन शिक्षक अर्ध्या वाटेवरून परत येतील. कारण खरा खर्च आहे

१५,६०० + १५० × २४ = १९,२०० रुपये.

त्रैराशिकाचे उत्तर ७,८०० रुपयांनी कमी पडले. हा आकडा कोठून आला? ७,८०० म्हणजे स्थिर खर्चाचा बरोबर निम्मा भाग. त्रैराशिकाने जेवण निम्मे केले ते योग्यच होते, पण त्याबरोबर बसही मधोमध कापली!

दाणेवाल्याकडे त्रैराशिक चालते, कारण शून्य किलो ज्वारीची किंमत शून्य असते. सहलीत शून्य विद्यार्थ्यांचा खर्च शून्य नाही. बस ठरवून एकही विद्यार्थी आला नाही, तरी १५,६०० रुपयांचा हिशेब उभाच. आलेखकागदावर आडव्या अक्षावर विद्यार्थी आणि उभ्या अक्षावर एकूण खर्च घेतला तर दोन्ही ठिकाणी सरळ रेषाच मिळते. ज्वारीची रेषा आरंभबिंदूतून निघते, सहलीची रेषा उभ्या अक्षावर १५,६०० वरून निघते. रेषा सरळ आहे एवढ्यावरून समचलन आहे असे ठरत नाही, ती आरंभबिंदूतून जायला हवी.

आता एकूण खर्च सोडून दरडोई वर्गणीकडे वळू. दोन्ही बाजूंना ‘न’ने भागले की

वर्गणी = १५० + १५,६०० ÷ न

येथे व्यस्त त्रैराशिक डोके वर काढते, पण तेही फक्त अर्ध्या भागात. जेवणाचा भाग सर्वांना सारखाच १५०, बसचा भाग मात्र संख्या वाढेल तसा घटत जातो. ४८ विद्यार्थ्यांना ४७५ रुपये, ४० ना ५४०, ३० ना ६७०, २४ ना ८००, २० ना ९३० आणि १२ ना तब्बल १,४५०. ह्या आकड्यांचा आलेख काढून पाहा. तो वक्ररेषा होतो, डावीकडे झपाट्याने चढतो आणि उजवीकडे हळूहळू सपाट होत जातो. कितीही विद्यार्थी जमवले, तरी वर्गणी १५० च्या खाली जाणार नाही. (तितके विद्यार्थी बसमध्ये मावणार नाहीत, ही गोष्ट वेगळी. तिच्याकडे आपण पुढे येऊ.)

आता मुख्य अडचण पाहा. वर्गणीची सूचना फळ्यावर लिहायची असते आधी आणि किती विद्यार्थी येणार ते कळते नंतर. म्हणजे ‘न’ माहीत नसताना उत्तर लिहायचे! ४८ जणांनी हात वर केले, म्हणून शाळेने ४७५ रुपये वर्गणी जाहीर केली. सहलीच्या आदल्या आठवड्यात आठ जण गळाले. कोणी आजारी पडला, कोणाच्या घरी लग्न निघाले. जमले ४० × ४७५ = १९,००० रुपये. खर्च १५,६०० + ६,००० = २१,६०० रुपये. तूट २,६०० रुपये.

ही तूट दुसऱ्या वाटेनेही काढता येते आणि ती वाट अधिक बोलकी आहे. गळालेला प्रत्येक विद्यार्थी स्वतःबरोबर ४७५ रुपये नेतो, पण शाळेचा खर्च फक्त १५० रुपयांनी कमी करतो. मागे ३२५ रुपयांचे भोक राहते. आठ जणांची आठ भोके, ८ × ३२५ = २,६००.

आता शाळा काय करेल? वर्गणी ५४० केली तर हिशेब जमेल. पण ४७५ रुपये घरून कसेबसे मिळवलेल्या चौघांना ते जमणार नाही, आणि तेही नाव मागे घेतील. ३६ उरले की वर्गणी ५८३ रुपयांवर जाते. मग आणखी चौघे गेले तर ३२ जणांना ६३७ रुपये ५० पैसे. प्रत्येक वाढ आणखी काहींना बाहेर ढकलते आणि बाहेर गेलेल्यांमुळे पुन्हा वाढ करावी लागते. ह्या चक्रात आधी कोण बाहेर पडतो, हे वेगळे सांगायला नको. ज्याला वर्गणी परवडत नाही असा मुलगा सहसा कारण सांगत नाही. ‘घरी काम आहे’ म्हणतो आणि विषय संपवतो.

ह्यावर बीजगणिताकडे उपाय आहे. प्रश्न उलटा विचारायचा. ‘४८ जण आले तर वर्गणी किती?’ असे न विचारता ‘वर्गणी अमुक ठेवली, तर निदान किती जण यायला हवेत?’ असे विचारायचे. वर्गणी ५५० रुपये ठेवली, असे समजा. त्यांतील १५० रुपये त्या विद्यार्थ्याच्या पोटात जातात. उरलेले ४०० रुपये बसचे भाडे भागवायला मिळतात. तेव्हा

४०० न ≥ १५,६००, म्हणून न ≥ ३९.

म्हणजे ४८ पैकी नऊ जण गळाले तरी शाळेला तूट नाही. ४७५ वर्गणीत एकही गळालेला चालत नव्हता. दोन्ही आकड्यांत फरक ७५ रुपयांचा, पण पहिली सहल वाऱ्यावर उभी होती आणि दुसरी पायावर उभी आहे.

कोणी म्हणेल, ‘सगळे ४८ आले, तर शाळेने जास्त पैसे घेतले की नाही?’ घेतले. ३९ च्या पुढचे नऊ विद्यार्थी प्रत्येकी ४०० रुपये देतात, तेव्हा ३,६०० रुपये उरतात. ते परत करता येतील, प्रत्येकी ७५ रुपये. पण मला त्याहून बरा वाटणारा मार्ग निराळा आहे. त्यासाठी आधी हा प्रश्न सोडवा: रिकाम्या आसनावर एका मुलाला वर्गणी न घेता नेले, तर शाळेला किती खर्च येतो? ‘५५० रुपये’ हे उत्तर चूक, ‘४७५ रुपये’ हेही चूक. बस तर जाणारच आहे, आसनही रिकामे आहे. खर्च येतो फक्त १५० रुपये.

हे ध्यानात आले की गणित सोपे आहे. बस पूर्ण भरायची, म्हणजे एकूण ४८ विद्यार्थी आणि खर्च २२,८०० रुपये. ५५० रुपये देणारे किती हवेत? २२,८०० ÷ ५५० = ४१.४५… अर्थात ४२. उरलेल्या सहा जणांना एक पैसाही न घेता नेता येते, आणि ४२ × ५५० = २३,१०० झाल्यामुळे वर ३०० रुपये शिल्लक राहतात. समजा ४२ ऐवजी ४० जणांनीच वर्गणी दिली. तर ४० × ४०० − १५,६०० = ४०० रुपये उरतात, त्यांत दोघे जाऊ शकतात. ह्या जागा कोणाला द्यायच्या ते शिक्षकांनी ठरवावे. त्यांची नावे फळ्यावर लिहू नयेत, एवढे मात्र सुचवावेसे वाटते.

वर आपण ४१.४५ चे ४२ केले. नेहमी जवळचा पूर्णांक घ्यायची सवय असेल, तर ४१ घ्याल आणि २५० रुपये कमी पडतील. आता दुसरे उदाहरण घ्या. शाळेकडे २०,००० रुपयांची देणगी आली आहे आणि वर्गणी मुळीच घ्यायची नाही. किती विद्यार्थी नेता येतील? १५,६०० + १५० न ≤ २०,०००, म्हणून न ≤ २९.३३… येथे उत्तर २९. पैसे ‘पुरायचे’ असतील तर अपूर्णांक खाली सोडायचा, खर्च ‘भरून काढायचा’ असेल तर वर घ्यायचा. माणसांच्या संख्येला अपूर्णांक नसतो, आणि तो कोणत्या बाजूला टाकायचा ते नियम पाठ करून नव्हे, प्रश्न वाचूनच ठरते.

आता ४९ वा विद्यार्थी येतो! दारात उभे राहून प्रवास करायचा नाही, तेव्हा दुसरी बस आली, तिच्याबरोबर आणखी दोन शिक्षक आले आणि आणखी १५,६०० रुपये आले. एकूण ३१,२०० + ७,३५० = ३८,५५० रुपये, दरडोई सुमारे ७८७. एकाच्या येण्याने सर्वांची वर्गणी ४७५ वरून ७८७ वर गेली. म्हणजे ‘स्थिर’ खर्च हा ४८ पर्यंतच स्थिर होता. पुढे तो जिन्याच्या पायरीसारखा एकदम उंच होतो. ५५० रुपये वर्गणीत दोन बसगाड्या भरून काढायला ३१,२०० ÷ ४०० = ७८ विद्यार्थी हवेत. म्हणून ३९ ते ४८ विद्यार्थी असले तर सहल जमते, ४९ ते ७७ असले तर जमत नाही आणि ७८ ते ९६ असले तर पुन्हा जमते. मधली ही दरी समीकरण एकदाच मांडून मोकळे होणाऱ्याला दिसत नाही. त्यासाठी बसमध्ये आसने किती, हे विचारावे लागते.

शिक्षकांनी वर्गात ही गणिते घेताना आचाऱ्याचे उदाहरण अवश्य घ्यावे. आचारी आपला स्थिर खर्च वेगळा सांगत नाही, एकच रक्कम सांगतो. ६० ताटांचे ७,९०० रुपये, १०० ताटांचे ११,९०० रुपये. ७५ ताटांचे किती? पहिल्या आकड्यावरून त्रैराशिक केले तर ९,८७५ येतात, दुसऱ्यावरून केले तर ८,९२५. एकाच प्रश्नाची दोन उत्तरे! असे झाले की आत काहीतरी दडलेले आहे, हे ओळखावे. आता वजाबाकी करा. ४० ताटे वाढली, ४,००० रुपये वाढले, तेव्हा ताटामागे १०० रुपये. ६० ताटांचे ६,००० वजा जाता उरले १,९०० रुपये. भांडी, शेगडी आणि मदतनीस ह्यांचा हा स्थिर खर्च असावा. ७५ ताटांचे झाले १,९०० + ७,५०० = ९,४०० रुपये, दोन्ही चुकीच्या उत्तरांच्या मधोमध कोठेतरी. एकसामयिक समीकरणे म्हणून तुम्ही जे सोडवता, ते हेच. एक खबरदारी मात्र घ्या. कोणत्याही दोन बिंदूंतून सरळ रेषा काढता येते, म्हणून दोन आकडे जुळले ह्याने काही सिद्ध होत नाही. आचाऱ्याला ८० ताटांचा भाव विचारा. तो ९,९०० म्हणाला, तर आपली रेषा बरोबर. ९,५०० म्हणाला, तर आपला तर्क सुधारायला हवा.

घरातले महावितरणचे वीजबिलही काढून पाहा. त्यात ‘स्थिर आकार’ अशी ओळ सापडेल. महिनाभर घर बंद ठेवले, तरी ती रक्कम द्यावी लागते. त्याखाली युनिटमागचा आकार असतो. हा आकार १०० युनिटांच्या पुढे बदलतो, म्हणून तेथील आलेख एका रेषेचा नसून अनेक तुकड्यांचा असतो.

उलट पुण्याच्या रिक्षाचे पाहा. १ सप्टेंबर २०२२ पासून लागू झालेला दर असा होता: पहिल्या दीड किलोमीटरला २५ रुपये, पुढे दर किलोमीटरला १७ रुपये. येथे २५ रुपये हा स्थिर खर्च आहे, असे कोणालाही वाटेल. पण ‘क’ किलोमीटरचे भाडे मांडून पाहा (क दीडपेक्षा जास्त):

२५ + १७ (क − १.५) = १७ क − ०.५०

स्थिर भाग उणे पन्नास पैसे निघाला! म्हणजे दीड किलोमीटरच्या पुढे हे भाडे जवळजवळ निव्वळ त्रैराशिकानेच चालते. ‘२५ रुपये’ ही फक्त किमान रक्कम होती. कागदावर स्थिर दिसणारी प्रत्येक रक्कम स्थिर खर्च असतेच असे नाही. समीकरण मांडल्यावाचून हे कळत नाही.

आणि खोडदला पोहोचलात, की एक गणित तेथेही करा. त्या ३० तबकड्यांचे संकेत दोन-दोनच्या जोडीने एकमेकांशी ताडून पाहतात. एकूण जोड्या किती? ३० × २९ ÷ २ = ४३५. आणखी एक तबकडी उभारली तर जोड्या एकाने नव्हे, तीसने वाढतील. तबकडीमागे तबकडीचा खर्च आपल्या सहलीसारखा सरळ रेषेत वाढेल, पण तिचा उपयोग त्या रेषेला सोडून वर निघून जाईल.

सोडवून पाहा

१. सहलीला ६० विद्यार्थी तयार आहेत. दुसऱ्या मोठ्या बसऐवजी १७ आसनांची छोटी गाडी सर्व खर्चासह ८,७०० रुपयांना मिळते. तिच्याबरोबर एक शिक्षक जाईल, त्यांच्या जेवणाचे १५० रुपये वेगळे. दरडोई खर्च किती? वर्गणी ५५० रुपयेच ठेवली, तर निदान किती विद्यार्थी हवेत, आणि तितके मावतील का?

२. मांजरीच्या एका शेतकऱ्याला भाजी बाजारात न्यायची आहे. टेम्पोचे भाडे खेपेला १,८०० रुपये. हमाली, तोलाई वगैरे मिळून क्रेटमागे ३० रुपये. क्रेटला भाव १५० रुपये. केवळ वाहतुकीचा हा खर्च निघायला निदान किती क्रेट हवेत? त्याच्याकडे दहाच क्रेट आहेत आणि शेजाऱ्याकडेही दहा. दोघांनी एकच टेम्पो केला, तर प्रत्येकाच्या हाती किती पडतील?

३. सहलीत सर्वांचा मिळून एक फोटो काढायचा आहे. छायाचित्रकार येण्याचे ६०० रुपये घेतो आणि प्रतीमागे २५ रुपये. प्रत हवी असलेल्यांनीच पैसे द्यायचे असतील, तर ४० रुपये प्रत ठेवून निदान किती जणांनी प्रत घ्यायला हवी? ‘येण्याचे पैसे’ सहलीच्या वर्गणीत घालावेत की प्रतीच्या किमतीत, ह्यावर वर्गात चर्चा करा.

उत्तरे: (१) ५५७ रुपये ५० पैसे. निदान ६२ विद्यार्थी. दोन्ही गाड्यांत मिळून ६४ मावतात, म्हणून जमेल. (२) १५ क्रेट. प्रत्येकी ३०० रुपये. (३) ४० प्रती.